वसुलीवाला

नातू दुपारी झोपला की मला या घरात आवाज करायची बंदी आहे. कुकर लावायचा नाही, मिक्सर फिरवायचा नाही, बहिणीला फोन तर अजिबात करायचा नाही. माझा आवाज म्हणे फोनशिवायच तिच्यापर्यंत पोचेल. मग मी सोफ्यावर पाय पोटाशी घेऊन टीव्हीचा आवाज शून्यावर आणते आणि खाली उमटणारी अक्षरं वाचत बसते. न्यू जर्सीतला डिसेंबर. दुपार म्हणावी तर साडेचारलाच दिवेलागण.

त्या दिवशी 'इट्स अ वंडरफुल लाइफ' लागला होता. इथे नाताळात हा लागतो म्हणजे लागतोच, आपल्याकडे नरकचतुर्दशीच्या पहाटे रेडिओवर कीर्तन लागायचं तसा. १९४६ चा सिनेमा. आला तेव्हा तिकीटबारीवर बेताचाच चालला. पुढे १९७४ मध्ये त्याच्या हक्कांचं नूतनीकरण करायचं राहून गेलं आणि टीव्हीवाल्यांना तो फुकटात दाखवता यायला लागला. फुकट ते पौष्टिक. दर डिसेंबरला, सकाळ-संध्याकाळ. असा त्याचा सण झाला.

मी तो बघत होते म्हणजे नातवाचे मोजे जुळवत होते. (लहान मुलांचे मोजे विषम संख्येतच असतात. यावर कुणीतरी अभ्यास करायला हवा.) नायक जॉर्ज बेलीच्या, म्हणजे जेम्स स्ट्यूअर्टच्या, भानगडी मला पाठ आहेत, त्यामुळे मान वर करायची गरज नव्हती. पण मधेच वर केली, तर चाकाच्या खुर्चीतल्या म्हाताऱ्या पॉटरसमोर, ज्याच्या मालकीचं अर्धं गाव आहे त्याच्यासमोर, एक हडकुळा माणूस उभा होता. लांबट तोंड, आणि ओठ असे मिटलेले की आत्ताच कुणीतरी त्याच्याकडे सुट्टे मागितलेत.

हा त्या पॉटरचा भाडेवसुलीवाला. तो मालकाला सांगतो आहे की बाबा रे, ज्या माळावर आधी इथे एक तिथे एक अशी पाच-सहा घरं होती, तिथे आता जॉर्ज बेलीनं डझनावारी टुमदार घरं बांधून दिलीत, आणि त्यातली नव्वद टक्के घरं तुमच्या जुन्या भाडेकरूंची आहेत. मालक चिडतो. त्यावर हा जे म्हणतो त्याचं मराठी मी मनातल्या मनात केलं ते असं : माझ्या बापाचं काय जातंय, मी आपला तुमचा साधा भाडेवसुलीवाला. आणि निघताना सुनावतो की एक दिवस मलाच त्या जॉर्ज बेलीकडे नोकरी मागायला जावं लागेल.

झालं. एवढंच काम. मिनिटभराचं. पुढे अख्ख्या सिनेमात हा माणूस नाही.

आणि मला खाज सुटली. याला मी पाहिलंय! कुठे पाहिलंय?

आमच्या माहेरी या खाजेचा एक नियम होता. नाव आठवेपर्यंत कुणी सांगायचं नाही. आठवेना तर रात्री अंथरुणात आठवायचं, आणि आठवलं की सगळ्यांना उठवायचं. एकदा माझ्या मोठ्या भावानं रात्री दोन वाजता ओरडून एका खलनायकाचं नाव सांगितलं होतं, तर शेजारच्यांनी चोर समजून काठी आणली. जावयाला हा नियम ठाऊक नाही. संध्याकाळी मी नुसतं म्हटलं, "तो भाडेवसुलीवाला कोण असेल?" तर खिशातून फोन काढून म्हणाला, "आई, सांगू? दोन सेकंद."

"नको," म्हटलं.

पण त्यानं सांगितलंच. चार्ल्स लेन.

नाव ऐकून काहीही झालं नाही. ते नाव मला कधी माहीतच नव्हतं. असल्या माणसांची नावं आपल्याला माहीत नसतातच, फक्त तोंडं असतात. मग मात्र दुसऱ्या दुपारपासून मी मोजे बाजूला ठेवले आणि त्याच्या मागे लागले.

चार्ल्स लेन जन्मला २६ जानेवारी १९०५ ला, सॅन फ्रान्सिस्कोत. (२६ जानेवारी बघून मला उगाचच जवळीक वाटली.) खरं आडनाव लेव्हिसन. सव्वा वर्षाचा असताना १९०६ चा तो शहर जमीनदोस्त करणारा भूकंप झाला, त्यातून हा वाचला. मोठा झाल्यावर आधी विमा विकत होता, म्हणजे दार उघडल्याबरोबर 'नको' ऐकायची सवय झालेली. मग पॅसाडिनाच्या नाटकमंडळीत शिरला आणि १९३१ पासून सिनेमात. सुरुवातच हॉटेलच्या काउंटरमागच्या कारकुनापासून. दिवसाला ३५ डॉलर मिळायचे. स्टुडिओ बोलावणार, हा जाणार, ठरलेलं तोंड करून ठरलेलं वाक्य बोलणार, घरी येणार. १९३३ या एका वर्षात वीसाहून जास्त सिनेमे. त्याच साली तिथे नटांची युनियन निघाली, तिच्या सुरुवातीच्या सभासदांपैकी हा एक. म्हणजे पडद्यावर लोकांच्या खिशात हात घालणारा, आणि पडद्याबाहेर नटांच्या मजुरीसाठी भांडणारा.

त्याला मिळायच्या त्या भूमिका तरी काय? हिशेबनीस, वकील, वार्ताहर, औषधवाला, आयकरवाला. ज्यांना पाहून दार लावून घ्यावंसं वाटतं असे सगळे. टीव्हीवर 'पेटिकोट जंक्शन' नावाची मालिका होती, तीत हा रेल्वेचा अधिकारी. एका आडगावची जुनी, छोटी, सगळ्यांची लाडकी गाडी बंद पाडायची हाच त्याचा ध्यास. १९६३ पासून पुढे कित्येक वर्षं तो येतोय, गाडी बंद करायला बघतोय, आणि तोंडावर आपटून परत जातोय.

हे वाचता वाचता माझे नाना आठवले. आता कुणी म्हणेल, या बाईला कशावरूनही वडील आठवतात. आठवतात खरे.

नाना आमच्या गावच्या नगरपालिकेत घरपट्टीच्या वसुलीला होते. खिशात पावतीपुस्तक, कार्बन आणि एक कॉपिंग पेन्सिल. ती पेन्सिल लिहिण्याआधी जिभेला लावायची, म्हणजे अक्षर जांभळं आणि पक्कं उमटतं. त्यामुळे नानांच्या जिभेच्या टोकाला कायम एक जांभळा ठिपका असायचा. मला बरेच दिवस वाटायचं की सगळ्यांच्याच वडलांच्या जिभेला तो असतो. पावतीवरची त्यांची सही म्हणजे एक आडवी रेघ आणि शेवटी वर उडालेला फराटा, उंदराच्या शेपटीसारखा.

मी चौथीत. मार्चमधला रविवार. नाना मला उसाचा रस प्यायला नेत होते. वाटेत माझ्या वर्गातल्या एका मैत्रिणीचं घर, तिथे ते थांबले. मार्चमध्ये नानांना रविवार नसायचा, वसुलीचा महिना. त्यांनी कडी वाजवली. मैत्रिणीनं अर्धं दार उघडलं. मला बघून हसली, मग नानांना बघून हसू गिळलं आणि एका दमात म्हणाली, "बाबा गावाला गेलेत."

उंबऱ्याच्या आत मोठ्या चपला होत्या. एकीच्या अंगठ्याला तार बांधलेली. त्या चपला घालून तिचे बाबा आम्हाला कित्येकदा शाळेत पोचवायला आले होते. मी चपलांकडे बघितलं. नानांनीही बघितलं. मग ते म्हणाले, "बरं. आले की सांग, महिनाअखेरपर्यंत आहे म्हणावं." पेन्सिल जिभेला लावली आणि वहीत लिहिलं : घरमालक परगावी.

रस प्यायलो. मैत्रिणीनं मात्र शाळा संपेपर्यंत माझ्याशी कट्टी घेतली. खोटं ती बोलली होती, आणि राग माझ्यावर. तेव्हा मला ते फार अन्यायाचं वाटलं होतं.

तर लेन. फ्रँक काप्रा या दिग्दर्शकाचा तो फार लाडका. काप्रानं १९३८ मध्ये 'यू कान्ट टेक इट विथ यू' काढला, त्यात हा आयकरवाला होऊन एका विक्षिप्त आजोबांच्या घरी जातो. आजोबांनी जन्मात कर भरलेला नाही. ते याला शांतपणे विचारतात, भरतो की, पण सरकार मला त्या पैशांत काय देणार ते आधी सांग. हा कातावतो, हातवारे करतो, आणि प्रेक्षक आजोबांच्या बाजूनं पोट धरून हसतात. ते आजोबा होतात लायनेल बॅरीमोर, सांधेदुखीमुळे कुबड्या घेऊन. आठ वर्षांनी 'इट्स अ वंडरफुल लाइफ'मधला तो खुर्चीतला खडूस पॉटर, तोही बॅरीमोरच! म्हणजे बघा, बॅरीमोर गोड म्हातारा असला की लेन त्याच्याकडे वसुलीला जाणार, आणि तो दुष्ट झाला की लेन त्याच्यासाठी वसुली करणार. मोठ्या नटाला देवही होता येतं आणि राक्षसही. लेन आपला कायम वहीवाला.

हे मला कुणी सांगितलेलं नाही, मी शोधून काढलं. जावयाला सांगितलं तर "हो का" म्हणाला.

काप्रानं त्याला एकदा पत्र लिहिलं होतं, त्यात म्हटलं होतं की तू माझी एक नंबरची कुबडी आहेस. आपल्याकडे कुणी कुणाला कुबडी म्हटलं तर भांडण होईल. लेनला त्या पत्राचं फार अप्रूप होतं. शिक्का बसल्याचा राग मात्र त्याला होता, आणि तो त्यानं लपवला नाही. एक काम बरं जमलं की पुढे जन्मभर तसलंच काम देतात, स्टुडिओची सोय होते, आमच्यावर मात्र अन्याय, असं तो म्हणायचा. मला हे आवडलं. माणसानं समाधानी असलंच पाहिजे असं नाही.

एकदा मात्र त्याच्यावर उलटलेली पाहिली आणि मोठ्यांदा हसले, नातू उठला. 'आय लव्ह ल्युसी' या विनोदी टीव्ही मालिकेचा तो प्रसिद्ध भाग, १९ जानेवारी १९५३ चा, ल्युसीला बाळ होतं तो. पाळणे फार कमी घरी हलले असतील त्या रात्री, अमेरिकेतली ४ कोटींवर माणसं टीव्हीसमोर होती. दवाखान्यात ल्युसीचा नवरा घामाघूम, आणि त्याच्या शेजारी वाट बघत बसलेला दुसरा बाप म्हणजे आपला लेन. याला आधीच्या सहा मुली. नर्स येऊन सांगते : तिळं झालं, तिन्ही मुली. त्या वेळचं त्याचं तोंड! जन्मभर दुसऱ्यांच्या दारात बिलं घेऊन गेलेल्या माणसाला एकदम तीन बिलं.

आणि त्याची एक गोष्ट मी तीन दिवस मनात घोळवते आहे. इतकी कामं, इतकी पटापट, की कधी कधी तो सिनेमा बघायला जाऊन बसायचा आणि पडद्यावर अचानक स्वतःच उगवायचा. हे काम आपण केलंय हे तो साफ विसरलेला असायचा. अंधारात बसलाय, हातात खायला काहीतरी, आणि समोर आपलाच चेहरा कुणाच्या तरी दारात उभा राहून पैसे मागतोय. घरी हाच माणूस सत्तर वर्षं एका बायकोशी संसार करून होता, आणि ज्यांनी पाहिलं ते म्हणतात, स्वभावानं मऊ. शंभरी भरल्यावर, २००५ मध्ये, टीव्हीवाल्यांनी त्याचा मोठ्या समारंभात सत्कार केला. तर तिथे म्हणाला, कुणाला हवा असेन तर मी अजून मोकळा आहे. २००७ च्या जुलैत गेला, १०२ वर्षांचा होऊन.

नाना बहात्तराव्या वर्षी गेले. निवृत्तीनंतर रस्त्यानं जाताना लोक त्यांना बघून अजूनही दुसऱ्या बाजूला जायचे. नाना म्हणायचे, जुनी सवय आहे बिचाऱ्यांची.

परवा रात्री लेक म्हणाली, "आई, गावच्या घराची घरपट्टी राहिलीय ना तुझी? चल, आत्ता भरून टाकू." तिनं लॅपटॉप उघडला, मी मिळकतीचा क्रमांक सांगितला, माझ्या फोनवर आकडे आले, ते सांगितले. दोन मिनिटांत पैसे गेले. कुणी दारात आलं नाही, मला कुणाला परगावी पाठवावं लागलं नाही. पावती आली ती तिनं मोठी करून दाखवली. सगळं बरोबर होतं, माझं नाव, वॉर्ड, रक्कम. मी खाली खाली बघत गेले.

"काय शोधतेस?" ती म्हणाली.

अगदी तळाला बारीक अक्षरांत लिहिलं होतं : ही संगणकीकृत पावती आहे, सहीची आवश्यकता नाही.