कमलाबाई गोखल्यांची कारकीर्द शोधताना

आमच्या वाचनालयात महिला दिनाला थोडं बोलायचं होतं, मी भारतीय सिनेमात सगळ्यात आधी दिसलेल्या नट्यांपैकी एक, कमलाबाई गोखले, हा विषय घेतला. चंद्रकांत गोखले, विक्रम गोखले सगळ्यांना माहीत, पण चंद्रकांतजींच्या आई आणि विक्रमजींच्या आजी कोण हे विचारलं की लोक गप्प. मला हे खरंच लागतं मनाला.

सुरुवात सिनेमाच्या इतिहासाच्या पुस्तकांपासून केली, पण जिथे बघावं तिथे तीच दोन वाक्यं. 1913, दादासाहेब फाळके, 'मोहिनी भस्मासुर', मोहिनी कमलाबाई आणि पार्वती त्यांची आई दुर्गाबाई कामत, बस्स. चित्रपट आज उपलब्ध नाही त्यामुळे बघून काही कळेल हाही मार्ग बंद. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती साळुंके नावाच्या पुरुषाने केली होती हे ऐकलं होतं, पण 1917 च्या 'लंका दहन'मध्येसुद्धा राम आणि सीता दोन्ही साळुंकेच, म्हणजे दोन बायका पडद्यावर येऊन गेल्या तरी लगेच काही बदललं नव्हतं! पुढची माहिती मिळेना.

मग वाचनालयातले एक जुने नाटकवेडे काका म्हणाले, अहो सिनेमात काय शोधताय, नाटकात शोधा. आणि तिथे खरी कमलाबाई सापडली. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या होऊन लहान मुलीला घेऊन नाटक कंपनीत गेल्या, तेही स्त्रीपार्ट पुरुष करायचे त्या काळात, मुलगी अगदी लहानपणीच स्टेजवर. पुढे रघुनाथराव गोखल्यांशी लग्न झालं, तेही नाटकवालेच, पण ते लवकर गेले आणि तीन मुलं कमलाबाईंनी रंगभूमीवर काम करूनच वाढवली, पुरुषांच्या भूमिकासुद्धा केल्या. बोलपट आल्यावर त्यातही कामं केली, अगदी 1980 च्या 'गहराई'पर्यंत. त्यांना फक्त 'पहिली नटी' म्हणून सोडून देणं मला अजिबात पटत नाही, पोटासाठी इतकी वर्षं काम करणारी बाई आहे ती.

रीना मोहन यांनी त्यांच्यावर 'कमलाबाई' हा माहितीपट केलाय, त्यात म्हातारपणच्या कमलाबाई स्वतः बोलतात. तो बघितल्यावर मी आधी लिहिलेलं भाषण बाजूला ठेवलं आणि नाटकापासून सुरुवात करून परत लिहिलं.

कुणाला शोधायचं असेल तर कामत आणि गोखले दोन्ही आडनावांनी बघा, आणि दुर्गाबाईंचं सोबतच वाचा, आईला सोडून मुलीचं काही कळत नाही.