काळ्या दगडावरचा उंबराचा भाऊबंद

साताऱ्यातल्या आमच्या घराच्या कुंपणाची भिंत काळ्या दगडाची आहे आणि तिची उत्तरेकडची बाजू आता फायकस प्युमिलाच्या वेलाने पुरती झाकून गेली आहे. वड, पिंपळ आणि उंबर यांच्याच कुळातला हा वेल मूळचा चीन-जपानकडचा. याला दोरी लागत नाही की जाळी. पेरापेरातून फुटणारी बारीक मुळे चिकट द्रव सोडून दगडाला धरतात, आणि या द्रवाचे वर्णन डार्विनने १८६५ च्या आपल्या निबंधात करून ठेवले आहे. कोवळे टोक हलकेच उचलून पाहिले, की ही मुळे सुरवंटाच्या पायांसारखी ओळीने दिसतात. वेल ओढून काढला तर रंगाचे पोपडेही सोबत येतात, म्हणून मातीच्या किंवा गिलावा सुटलेल्या भिंतीवर तो कधीही चढवू नये.

या वेलाला दोन वये असतात, आणि त्याची सगळी निगा या एका गोष्टीभोवती फिरते. भिंतीला बिलगलेली लहानपणीची पाने नखाएवढी, बदामी आकाराची असतात. माथ्यावर पोचून भरपूर ऊन मिळाले, की जाड फांद्या भिंत सोडून आडव्या बाहेर येतात, त्यांची पाने दोन-तीन इंची व चामड्यासारखी होतात आणि त्यांनाच फळे धरतात. उंबर फोडल्यावर जी केंबरे उडतात, त्यांच्याच जातकुळीचा एक कीटक या फळात बी धरण्यासाठी लागतो; तो तिकडच्या मुलखातला असल्याने आपण बियांच्या नादी न लागता पावसाळ्यात वीतभर छाट लावावेत, हेच बरे. आडव्या फांद्या मी दिसताच बुडापासून कापतो. कापताना पांढरा चीक येतो व तो कातडीला खाजतो, त्यामुळे हातमोजे हवेतच.

घरातल्या कुंडीने मात्र मला चांगलेच शिकवले. एप्रिलमध्ये चार दिवस सांगलीला बहिणीकडे गेलो आणि परतलो तेव्हा पाने पापडासारखी चुरत होती. पातळ पानांचा हा वेल एकदा कोरडा पडला, की ती पाने पुन्हा सावरत नाहीत. मी सगळ्या काड्या दोन बोटे ठेवून छाटल्या, माती ओलसर राखली, आणि बुडातून नवे फुटवे आले. आता कुंडी पूर्वेच्या खिडकीत, पंख्याच्या वाऱ्यापासून दूर असते. रोज सकाळी माती बोटाने चाचपतो आणि वरचा थर सुकू लागताच पाणी देतो. कुंडीखालच्या ताटलीत मात्र पाणी साचू देत नाही, कारण साचलेल्या पाण्यात मुळे कुजतात.