लिंडब्लाड यांची शीळ आणि नोंदपत्रातला एक रकाना

स्टॉकहोममध्ये जुन्या ध्वनिफितींचे डिजिटायझेशन करण्याच्या माझ्या कामात बहुतेक वेळ फीत वाजवण्यात नव्हे, तर ती वाजण्याजोगी करण्यात जातो. वाळून सुटलेले जोड नव्याने चिकटवल्यावर यंत्राच्या हेडचा, म्हणजे फितीवरचा आवाज वाचणाऱ्या भागाचा, कल मूळ मुद्रणाशी कानाने जुळवावा लागतो, ज्याला आम्ही अझिमथ म्हणतो. हा कल किंचित जरी चुकला, तरी वरच्या पट्टीतले सूर विरून जातात. माणसाच्या बोलण्यात ते एक वेळ खपून जाते. पक्ष्यांच्या आवाजात मात्र नेमके तेच हवे असते. घाईच्या वेळापत्रकात सर्वप्रथम कात्री लागते ती या जुळवणीलाच.

त्या दिवशी एका संग्राहकाकडून आलेल्या पाव इंची फितीच्या खोक्यावर पेन्सिलीने ‘लिंडब्लाड, ब्लॅकबर्ड’ एवढेच लिहिले होते. ब्लॅकबर्ड हा युरोपातला काळा गाणारा पक्षी. यान लिंडब्लाड (१९३२–१९८७) हे ओरेब्रोचे निसर्गअभ्यासक. स्वीडनमध्ये १९६९ पर्यंत दूरचित्रवाणीची एकच वाहिनी होती, त्या काळापासून त्यांचे वन्यजीवपट घरोघरी पाहिले जात. गयानाच्या जंगलांत त्यांनी चित्रीकरण केले, लिल्लन आणि राणी या दोन वाघिणी पिल्लांपासून वाढवल्या. पण जुन्या प्रेक्षकांना त्यांचे नाव काढताच आठवते ती शीळ. ते पक्ष्यांचे आवाज तोंडाने हुबेहूब काढत, आणि त्यांच्या शिळेच्या ध्वनिमुद्रिकाही निघाल्या. स्वीडनबाहेर त्यांना फारसे कोणी ओळखत नाही, हे मला अन्यायाचे वाटते.

फीत लावली आणि ब्लॅकबर्ड गाऊ लागला. शेजारच्या तरुण सहकाऱ्याने पक्षी ओळखणारे सॉफ्टवेअर चालवून ‘ब्लॅकबर्डच आहे’ असा निर्वाळा दिला. यंत्राने सांगितले की विषय संपला, अशी या पिढीची समजूत आहे. मी स्पेक्ट्रोग्राम, म्हणजे आवाजातले सूर रेघांनी दाखवणारा आलेख, काढला. माणसाची शीळ म्हणजे जवळजवळ शुद्ध एकच सूर, पडद्यावर एकच बारीक रेघ. पक्ष्याच्या स्वरयंत्राला दोन बाजू असतात आणि त्या एकाच वेळी वेगवेगळे सूर काढू शकतात, त्यामुळे ब्लॅकबर्डच्या ओळीच्या शेवटी जी बारीक किलबिल येते, तिथे एकावर एक दोन रेघा दिसतात. या फितीत सुरुवातीच्या प्रत्येक ओळीआधी श्वास आत घेतल्याचा पुसट पट्टा होता, आणि शेवटच्या किलबिलीत रेघ एकच होती. हा माणूसच होता, आणि मी थक्क झालो.

पुढे दूरवरून दुसरा आवाज येऊ लागला, दुहेरी रेघांचा, झाडांमधून घुमून आलेला, म्हणजे खरा पक्षी. दोघे आळीपाळीने गात राहिले. अखेरच्या तुकड्यात एकच आवाज उरतो, आणि तो कोणाचा हे मला सांगता येत नाही: श्वास ऐकू येत नाही, पण रेघ एकेरी आहे. ब्लॅकबर्ड माणसाच्या शिळेची नक्कल करतो, हे जाणकारांना ठाऊक आहे. सह्याद्रीतल्या शीळकरी कस्तुराला ‘कोणीतरी शीळ घालत चालला आहे’ असे समजून फसलेल्यांना हा घोटाळा सांगायला नको.

आमच्या नोंदपत्रात ‘भाषण’, ‘संगीत’ आणि ‘निसर्गध्वनी’ यांपैकी एकच पर्याय निवडता येतो. ज्यांनी हे नोंदपत्र आखले, त्यांनी बहुधा कधी एक फीतही शेवटपर्यंत ऐकली नसावी. मी रकाना रिकामा ठेवून सविस्तर टीप लिहिली; ती ‘कृपया एक पर्याय निवडा’ अशा शेऱ्यासह परत आली. ‘निसर्गध्वनी’ निवडले की कलाकाराचा रकानाच बंद होतो आणि लिंडब्लाड यांच्या नावाने शोधणाऱ्याला ही फीत कधीच सापडत नाही. म्हणून मी ‘संगीत’ निवडले आणि कलाकार म्हणून त्यांचे नाव घातले. अखेरचा तुकडा पक्ष्याचा असेल, तर मी एका ब्लॅकबर्डचे गाणे लिंडब्लाड यांच्या नावावर चढवले आहे, आणि ते खोडण्याइतका पुरावा माझ्याजवळ नाही.