रस्ता आम्हालाही हवा होता, पण विचारून

आम्ही रस्त्याच्या आड आलो नाही, हे आधीच सांगते. "यांनीच रस्ता अडवला" एवढंच वर्षभर गावात ऐकून घेतलंय. तासगाव तालुक्यात आमची एकरभर द्राक्षबाग आहे. बागेपर्यंत गाडी येत नाही, अवकाळी पाऊस झाला की मालाचे क्रेट डोक्यावरून न्यावे लागतात. रस्त्याची गरज आमच्याइतकी कुणाला असणार?

ऑक्टोबर छाटणीला आठवडा झाला होता, वेलांचे डोळे (कोंब) नुकते फुगायला लागले होते. सकाळी सातला जेसीबी आला तो कडेच्या ओळीतले अकरा वेल, वेलांना आधार देणारे दोन लोखंडी अँगल आणि ड्रिपची नळी उचकटूनच थांबला. मुळांना ओली माती तशीच चिकटलेली. मामंजी एकेक वेल उचलून बांधावर नीट मांडत होते, जणू परत लावता येणार होते. "कुणाला विचारून केलं?" म्हणून मी ओरडले, तर ठेकेदाराचा माणूस म्हणाला, "वहिनी, तुमची संमती हाय की कागदावर." मामंजींनी कुठंही सही केलेली नव्हती.

माझे मालक पुण्यात नोकरीला, त्यामुळे धावपळ माझ्याकडेच आली. एक बरं केलं, त्याच दिवशी फोटो काढले आणि शेजारच्या दोघांच्या सह्यांनी पंचनामा लिहून ठेवला. पुढे सगळं त्यावरच उभं राहिलं.

मग माहितीच्या अधिकारात अर्ज, दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून. तीस दिवसांची मुदत असते, ती पुरी संपल्यावर रस्त्याच्या फाइलच्या नकला मिळाल्या. पाच जणांची संमतीपत्रं जोडलेली होती. आमच्या जमिनीच्या गट नंबरासमोर नुसतं "संमती आहे" लिहिलेलं, मागं कागदच नाही. ते दोन शब्द मी किती वेळ बघत बसले असेन.

भूमी अभिलेखातून गावनकाशा काढला. नकाशात दुहेरी तुटक रेघ म्हणजे गाडीवाट, एकेरी तुटक रेघ म्हणजे पायवाट. आमच्या बांधावर एकेरी रेघ होती. पायवाट धरतात सव्वाआठ फूट, आणि खोदलं होतं अठरा फूट! मोजणीची फी भरली, लगतच्यांना नोटिसा गेल्या, तारखेला भूकरमापक आले. मोजणीच्या नकाशाची 'क' प्रत हातात आली तेव्हा खोदकाम आमच्या गटात नऊ फूट आत दिसत होतं.

कुणीतरी जमीन महसूल संहितेच्या कलम १४३ चं नाव घेतलं. ते कलम शेताला वाट नसलेल्याला बांधावरून वाट देण्यासाठी आहे. त्यात अर्ज, नोटीस, पाहणी असते. इथं अर्जच नव्हता.

वकीलसाहेबांनी हिमाचलच्या विद्यादेवींची गोष्ट सांगितली. १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी त्यांची जमीन भूसंपादन न करताच घेतली. २०२० साली सुप्रीम कोर्टानं सरकारला भरपाई द्यायला लावली. मालमत्तेचा हक्क आता मूलभूत नसला तरी राज्यघटनेच्या कलम ३००-अ नुसार कायद्याशिवाय कुणाची जमीन काढून घेता येत नाही. ऐंशीच्या घरातली, शाळा न शिकलेली विधवा बाई. त्या रात्री मला पहिल्यांदा शांत झोप लागली.

तात्पुरत्या मनाईचा अर्ज दिवाणी कोर्टात दिला. तिसऱ्या तारखेला "जैसे थे" आदेश झाला. तेव्हा कुठं समोरची मंडळी बोलायला बसली. बांधाच्या मध्यापासून दोन्हीकडं सारखा, बारा फुटी रस्ता ठरला. आमची जादा जाणारी पट्टी अर्धा गुंठा भरली, तिचं रीतसर खरेदीखत झालं. सातबाऱ्यावर क्षेत्र कमी झालेलं दिसलं तेव्हा मामंजींनी चष्मा पुसून दोनदा वाचलं आणि म्हणाले, "आता बरोबर हाय."

गेल्या हंगामात गाडी बागेपर्यंत आली. अकरा वेलांच्या नुकसानीचे पैसे तेवढे बाकी आहेत, पुढची तारीख जूनमध्ये आहे.