ब्लॅडर वॉश देण्याआधी नळी बघा

लघवीची नळी लावलेला पेशंट घरी आला की आठवड्याच्या आत हा प्रश्न येतोच: नळी रोज धुवायची का? नर्सिंग ब्युरोकडून आलेले ब्रदर किंवा मावशी बऱ्याच घरांत सकाळच्या स्पंजिंगबरोबर ब्लॅडर वॉशही (नळीतून मूत्राशयात सलाइन सोडून ते परत बाहेर काढणं) उरकून टाकतात. हेतू चांगलाच असतो. तरी ही सवय सोडायला हवी, असं आमचं स्पष्ट मत आहे.

नळी आणि पिशवीचा जोड बंद असतो तोवर बाहेरच्या जंतूंना आत शिरायला एक वाट कमी असते. वॉशसाठी तो जोड दर वेळी उघडावा लागतो. म्हणजे इन्फेक्शन टाळायला म्हणून जे करतो, त्यानेच दार उघडं राहतं. अमेरिकेतल्या सीडीसी या सरकारी रोगनियंत्रण संस्थेच्या २००९ च्या मार्गदर्शक सूचनाही हेच सांगतात: नळी तुंबण्याची शक्यता असेल तरच वॉश, आणि जंतुनाशक घालून नेमाने वॉश नकोच. नळी घातल्यावर दर दिवसागणिक साधारण ३ ते ७ टक्के पेशंटच्या लघवीत जंतू दिसू लागतात, महिनाभरात जवळपास सगळ्यांच्याच. त्यामुळे लघवी थोडी गढूळ दिसली किंवा वास आला, पण ताप नाही, थंडी नाही, पोटात दुखत नाही, पेशंट नेहमीसारखा बोलतोय, तर वॉश आणि अँटिबायोटिक दोन्हींची घाई करू नका. पिशवी जांभळी झाली तरी घाबरू नका. बद्धकोष्ठता, अल्कली लघवी आणि काही जंतू एकत्र आले की निळी-लाल द्रव्यं तयार होऊन प्लास्टिक रंगतं. रंग स्वतः अपाय करत नाही, पण डॉक्टरांना दाखवा आणि पोट साफ होतंय का ते बघा.

मग वॉश कधी? नळीतून लघवी येणं थांबलंय किंवा फारच कमी झालंय, ओटीपोट घट्ट लागतंय, नळीत गाळ, चिकट धागे किंवा छोटी गुठळी दिसतेय आणि डॉक्टरांनी घरी वॉश द्यायला सांगून ठेवलंय, तेव्हा. आणि तेव्हाही सिरिंज शेवटी हातात घ्यायची.

आधी पेशंटच्या अंगावरून पिशवीपर्यंत बोट फिरवत नळी तपासा. ती मांडीखाली दबलेली असते, पलंगाच्या दांडीत अडकलेली असते. सगळ्यात जास्त वेळा सापडणारी चूक म्हणजे पिशवीच्या नळीवरची पांढरी क्लिप. आंघोळीच्या वेळी किंवा पेशंटला हलवताना ती लावली जाते आणि उघडायची राहून जाते. दुसरी चूक म्हणजे नळी पिशवीपेक्षा खाली यूसारखी लोंबत राहते. त्या वळणात लघवी साठते आणि मागून येणाऱ्या लघवीला अडवते. नळी सरळ उतारावर घ्या. बंद पडलेली लघवी पुष्कळदा एवढ्यानेच सुरू होते.

मुंबईच्या घरांत उताराचा प्रश्न खरा आहे. दहा बाय दहाच्या खोलीत पेशंट जमिनीवर गादी टाकून झोपतो, तेव्हा पिशवी मूत्राशयापेक्षा खाली जाणार कुठे? ती गादीशेजारी आडवी पडते आणि लघवी ना धड खाली जाते ना थांबते. सामान ठेवायला पलंगाच्या पायांखाली विटा लावतात, तशाच इथेही लावा. पलंग नसेल तर निदान दोन जाड गाद्या एकावर एक घाला. पिशवी हुकाला टांगा, जमिनीला टेकू देऊ नका, आणि दोन लिटरची असली तरी साधारण दीड लिटरवर रिकामी करा. लिफ्ट नसलेल्या इमारतीत पेशंटला खुर्चीतून उतरवताना पिशवी त्याच्या पोटावर ठेवतात. तसं केलं की साठलेली लघवी उलटी आत जाऊ शकते. उतरवण्याआधी पिशवी रिकामी करा, तेवढ्यापुरती क्लिप लावा, आणि खाली पोचल्यावर ती उघडायचं काम एका माणसाच्या अंगावर टाका.

नळी ठीक असेल तर शौचाचं विचारा. चार दिवस पोट साफ नसेल तर भरलेलं मलाशय मूत्राशयावर आणि नळीवर दाब देतं. पेशंटला कुशीवर वळवून पाच मिनिटं थांबा, कधीकधी नळीचं टोक मूत्राशयाच्या भिंतीला चिकटलेलं असतं. आणि ओटीपोट चाचपून पाहा. ते मऊ असेल, पेशंट दिवसभरात दोन पेलेच पाणी प्यायला असेल आणि ऑक्टोबरचं ऊन असेल, तर नळी तुंबलेली नसून लघवीच कमी तयार होत असेल. वॉशने त्यात काही फरक पडणार नाही. मोठ्या माणसाला तासाला ३० एमएलपेक्षा कमी लघवी सतत होत राहिली तर डॉक्टरांना कळवा.

सामान सांगतो. ५० किंवा ६० सीसीची कॅथेटर टिप सिरिंज लागते. तिचं तोंड लांब आणि निमुळतं असतं, ते नळीच्या फनेलमध्ये, म्हणजे पिशवी जोडतात त्या रुंद तोंडात, घट्ट बसतं. साध्या सुईच्या सिरिंजचं बारीक तोंड तिथे बसत नाही. ते बसतं फुग्याच्या व्हॉल्व्हमध्ये, आणि भयंकर चूक इथेच होते. मूत्राशयात पाण्याच्या छोट्या फुग्याने अडकून राहणाऱ्या या नळीला फॉलीची नळी म्हणतात आणि तिला दोन शेपट्या असतात: रुंद तोंडाची लघवीची, आणि रंगीत व्हॉल्व्हची फुग्याची. १४ नंबरच्या नळीला हिरवा, १६ ला नारिंगी, १८ ला लाल रंग. त्या रंगीत शेपटीत वॉशचं पाणी कधीही घालायचं नाही, फुगा ताणून फुटू शकतो. छोट्या सिरिंजनेही वॉश नको, कारण तितक्याच जोराने दाबलं तरी तिच्यातून दाब कितीतरी जास्त पडतो. पेशंटला नाकातून राइल्स ट्यूब (पोटात अन्न सोडायची नळी) असेल तर दुकानात तुम्हाला तीच ५० सीसीची फीडिंग सिरिंज मिळेल. जेवणाची सिरिंज वेगळी, वॉशची वेगळी आणि दर वेळी नवी, पाकिटबंद.

पाणी म्हणजे ०.९ टक्क्यांचं स्टराइल नॉर्मल सलाइन, एनएस. ५०० एमएलची बाटली स्वस्त पडते म्हणून घेतात आणि उरलेली फ्रिजमध्ये ठेवून तीन दिवस वापरतात. तसं करू नका. १०० एमएलच्या बाटल्या घ्या, एका वेळी एक उघडा, उरलेलं फेकून द्या. नळाचं पाणी नको, डेटॉल-सॅव्हलॉनचा थेंबही नको, आणि पोव्हिडोन आयोडीन युरॉलॉजिस्टने प्रमाण लिहून दिल्याशिवाय नको. गार सलाइनने मूत्राशय आकडतं, म्हणून बंद बाटली पाच मिनिटं कोमट पाण्यात धरा. प्रिन्सेस स्ट्रीटच्या किंवा परळच्या हॉस्पिटलांजवळच्या सर्जिकल दुकानांत हे सगळं मिळतं. सोबत स्टराइल ग्लोव्हज, स्टराइल गॉज, स्पिरिट स्वॅब आणि नवी युरोबॅग, म्हणजे लघवीची पिशवी, घ्या. जोड उघडणारच आहे तर नवीच पिशवी लावलेली बरी. एक स्टीलची वाटी झाकण घालून वीस मिनिटं उकळा आणि झाकूनच निववा.

पंखा बंद करा. हात साबणाने मिनिटभर चोळून धुवा. पाणी ड्रममध्ये साठवलेलं असेल तर तांब्याने दुसऱ्या कुणीतरी ओतावं, धुतलेला हात ड्रमला लागायला नको. एनएस वाटीत ओता. ग्लोव्हज घालून जोडाची जागा स्पिरिटने पुसा आणि अर्धा मिनिट वाळू द्या. कॅथेटर बोटांनी चिमटून धरा, पिशवी सोडवा, खाली किडनी ट्रे ठेवा. सिरिंजमध्ये ३० ते ५० एमएल भरून आतली हवा काढा आणि टोक फनेलमध्ये बसवा. पेशंटशी बोला: "काका, पाणी सोडतोय, दुखलं की लगेच सांगा." दट्ट्या हळू, एकसारखा दाबा. आम्हाला जास्त आवडतो तो प्रकार म्हणजे दट्ट्या काढून नुसती नळकांडी नळीला लावायची, वरून सलाइन ओतायचं आणि वीतभर उंच धरून त्याच्या वजनानेच आत जाऊ द्यायचं. यात जोर लावायची सोयच नसते.

मग सिरिंज काढून नळीचं टोक ट्रेमध्ये खाली करा, पाणी आपोआप बाहेर येऊ द्या. येत नसेल तर पेशंटला वळवा, मग अगदी हलक्या हाताने थोडं ओढून पाहा. जोरात ओढलं की मूत्राशयाचं नाजूक अस्तर नळीच्या भोकांत खेचलं जातं आणि रक्त येतं. ५० आत गेले तर निदान ५० बाहेर आले पाहिजेत. ते आल्याशिवाय दुसरी सिरिंज भरायची नाही. पाणी स्वच्छ आलं की थांबा, नवी पिशवी लावा, आणि आत घातलेलं पाणी लघवीच्या मोजमापातून वजा करून वहीत लिहा.

आत जातानाच अडलं, तर तिथेच थांबायचं. सिरिंजवर जोर लावून नळी उघडण्याचा प्रयत्न करू नका. ती नळी बदलायला झाली आहे.

नळी कशामुळे तुंबते, हे काढलेली नळी उभी चिरून पाहिल्यावर कळतं. टोकाच्या भोकांजवळ पांढुरका, वाळूसारखा खरखरीत थर असतो, नखाने खरवडला तर चुरा पडतो. प्रोटियस जातीचे जंतू लघवीतल्या युरियाचा अमोनिया करतात, लघवी अल्कली होते आणि मॅग्नेशियम-कॅल्शियमचे फॉस्फेट नळीवर जमतात. सलाइनने हे विरघळत नाहीत, फार तर सुटा गाळ निघतो. म्हणून दर दहा-बारा दिवसांनी तुंबणाऱ्या पेशंटला वॉश वाढवून उपयोग नाही. तारखा लिहा, आणि तुंबायच्या दोन-तीन दिवस आधीच नळी बदलून घ्या. सिलिकॉनची नळी साधारण तीन महिन्यांपर्यंत चालते असं म्हणतात, पण खडे धरणाऱ्या पेशंटला तो हिशेब लागू होत नाही. वारंवार असं होत असेल तर युरॉलॉजिस्टला मूत्राशयात खडा आहे का ते सोनोग्राफीत बघायला सांगा. किडनी-हृदयाचं पथ्य नसेल तर दिवसाला दोन-अडीच लिटर पाणी द्या, त्यात लिंबू सरबतही येऊ द्या. लिंबातल्या सायट्रेटमुळे हे क्षार जमायला उशीर लागतो.

नळीच्या कडेने लघवी झिरपत असेल तर लोक मोठ्या नंबरची नळी मागतात. नळी मोकळी असेल, तर बहुतेक वेळा मूत्राशय आकडल्याने ती झिरपते. जाड नळीने आकडणं वाढतं. त्यावर औषध आहे, डॉक्टरांना विचारा.

काही पेशंटना घरी वॉश द्यायचाच नाही: प्रोस्टेटचं किंवा मूत्राशयाचं ऑपरेशन नुकतंच झालेले, लालभडक लघवी आणि मोठ्या गुठळ्या असलेले, थंडी वाजून ताप भरलेले. ऑपरेशननंतर तीन तोंडांच्या नळीतून सतत सलाइन सोडतात ते हॉस्पिटलचं काम आहे. तिथेही आत जाणारं चालू आणि बाहेर येणारं बंद दिसलं तर आधी सलाइन बंद करून सिस्टरना हाक मारा.

मज्जारज्जूला छातीच्या सहाव्या मणक्यापाशी किंवा त्याच्या वर इजा झालेल्या पेशंटबद्दल घरातल्या प्रत्येकाला माहीत हवं. तुंबलेल्या नळीमुळे त्यांचं बीपी एकदम धोकादायक वाढतं. डोकं ठणकतं, चेहरा लाल होतो, इजेच्या वरच्या भागाला घाम फुटतो. लगेच उठवून बसवा, पाय खाली सोडा, कपडे सैल करा, नळीचा पीळ बघा. कोमट सलाइन इथे फक्त १० ते १५ एमएल. त्याने मोकळी झाली नाही तर नळी तातडीने बदलायची. शिकवलेला माणूस घरात नसेल तर १०८ ला फोन करा आणि गाडी येईपर्यंत बसवूनच ठेवा.

कपाटात त्याच नंबरची एक पाकिटबंद नळी, १० सीसीची सिरिंज आणि फुग्यासाठी स्टराइल वॉटर ठेवून द्या. फुग्यात सलाइन घालत नाहीत, त्याचे क्षार बारीक वाटेत जमले की फुगा रिकामा होत नाही. पाकिटावर मार्करने लिहा: नळीचा नंबर, फुग्यात किती एमएल, शेवटची नळी कधी घातली. तुंबायची ती रात्री दोनला तुंबते, आणि त्या वेळी दार उघडून आलेल्या ब्रदरला हेच तीन आकडे लागतात.