फिनॉलच्या ड्रमपासून शेल सँडच्या पोत्यापर्यंत : माझा अनुभव

एम.एस्सी.ला पॉलिमर घेतलं तेव्हा मोलेक्युलर वेटवर पानंच्या पानं लिहिली होती. शिरोली एमआयडीसीत फिनॉल-फॉर्मल्डिहाइड रेझिनच्या लॅबमध्ये बसल्यापासून मात्र तो शब्द मला कुणी विचारलेला नाही. हे रेझिन वाळूवर चढवलं की शेल सँड होते, आणि फाउंड्रीवाले तिचे पातळ साचे (शेल) करून त्यात धातू ओततात. ते विचारतात ते एवढंच : स्टिक पॉइंट (ही वाळू कोणत्या तापमानाला चिकटू लागते) किती, टेन्साइल (ओढून तोडायला लागणारी ताकद) किती, आणि कास्टिंगला पिनहोल, म्हणजे वायूची बारीक भोकं, का आले. पॉलिमर शिकून कोल्हापुरातच काम बघणाऱ्या मुलींसाठी हे लिहितेय, कारण या तिन्ही प्रश्नांचं मूळ आपल्या फ्लास्कमध्येच सापडतं.

लॅब बॅचला एक लिटरचा तीन तोंडांचा फ्लास्क, स्टरर, कंडेन्सर आणि थर्मामीटर लागतो. फिनॉल 188 ग्रॅम म्हणजे 2 मोल. ते साधारण 41 अंशांना वितळतं, त्यामुळे बाटली कोमट पाण्यात ठेवून पातळ करून घ्यायची. 37 टक्क्यांचं फॉर्मलिन 130 ग्रॅम, म्हणजे 1.6 मोल. ऑक्झॅलिक अॅसिड 2 ग्रॅम. फिनॉल आणि अॅसिड 90 अंशांवर नेऊन फॉर्मलिन तासाभरात थेंब थेंब सोडायचं. घाई करून एकदम ओतलं तर रिअॅक्शनची उष्णता कंडेन्सरला आवरत नाही. मोठ्या रिअॅक्टरमध्ये तर हा थेट अपघात. फिनॉल त्वचेवर पडलं की जागा पांढरी पडते आणि बधिर होते. दुखत नाही म्हणून मुली दुर्लक्ष करतात, तीच चूक. लगेच भरपूर पाण्याखाली धरा. पॉलिइथिलीन ग्लायकॉल 400 ची बाटली हाताशी असली तर त्याने पुसत राहा, आणि मग डॉक्टर.

फॉर्मल्डिहाइड 1.6 मोल, फिनॉल 2 मोल; 0.8 हे प्रमाण का? सगळं फॉर्मल्डिहाइड दोन फिनॉल जोडणाऱ्या पुलांमध्ये गेलं असं धरलं, तर एका साखळीत सरासरी 1 भागिले (1 वजा 0.8), म्हणजे 5 फिनॉल येतात. आता थंडीत फॉर्मलिन गढूळ होऊन तळाशी पॅराफॉर्मल्डिहाइड बसलं आणि वरचं 35 टक्क्यांवर आलं असं समजा. वजन तेच घेतलं तरी प्रमाण 0.76 होतं आणि साखळी 4 वर येते. रेझिन मऊ पडतं, स्टिक पॉइंट घसरतो. उलट प्रमाण एकाच्या जवळ नेलं तर फिनॉलच्या तीन जागा जोडत जाऊन फ्लास्कमध्येच जेल होतं. तो फ्लास्क फेकायचाच. म्हणून फॉर्मलिनच्या लेबलवर कधी विश्वास ठेवू नका. सोडियम सल्फाइट घालून सुटलेला अल्कली अॅसिडने टायट्रेट करा. थायमॉलप्थॅलिनचा निळा रंग गेला की झालं. दहा मिनिटांचं काम.

तीन तास रिफ्लक्स केल्यावर (उकळत ठेवून वाफ कंडेन्सरने परत आत सोडत) गढूळ पाणी वर आणि रेझिन खाली बसतं. मग पाणी उडवायचं. इथे माझी नजर थर्मामीटरपेक्षा मेजरिंग सिलिंडरवर जास्त असते. फॉर्मलिनमधलं 82 ग्रॅम आणि रिअॅक्शनचं 29, असं मिळून 110 मिलीच्या आसपास निघायला हवं. 80 वर थांबलात तर पाणी आतच आहे. आतलं तापमान 150 पर्यंत नेऊन मग व्हॅक्युम लावायचा. मोकळं फिनॉल त्यात निघतं. थेंब थंड पत्र्यावर टाकून नखाने दाबा. काचेसारखा तुटला तर ठीक, वाकला तर अजून चालू ठेवा. रेझिन गरम असतानाच स्टीलच्या ट्रेमध्ये ओता, नाहीतर ते फोडताना फ्लास्कही जातो.

कोटिंगला 5 किलो धुतलेली वाळू 140 अंशांवर तापवून त्यात रेझिन 150 ग्रॅम घालायचं. मिनिटभरात ते वितळून दाणे ओले दिसतात. मग 75 मिली पाण्यात 18 ग्रॅम हेक्झा (हेक्झामिथिलिनटेट्रामिन, रेझिन पकवून कडक करणारा). हे पाणी वाफ होताना वाळू शंभराच्या आसपास आणतं, आणि तेच त्याचं खरं काम. पाणी कमी घेतलं तर हेक्झा गरम वाळूत लगेच लागतो आणि रेझिन मिक्सरमध्येच पकतं. गोळे फुटू लागले की 5 ग्रॅम कॅल्शियम स्टिअरेट, मग चाळणी. पूर्ण गार झाल्याशिवाय पोतं शिवू नका. थप्पीतलं खालचं पोतं दगड होतं.

लॉस ऑन इग्निशनला, म्हणजे वाळू जाळून घटलेल्या वजनावरून रेझिन किती ते काढताना, कोऱ्या वाळूचंही एक क्रुसिबल लावा. माती असलेली वाळू स्वतःच वजन गमावते आणि रेझिन जास्त पडल्याचा भास होतो.

तक्रारी दोनच येतात. पहिली, “मॅडम, शेल सोलतंय बघा.” पॅटर्न, म्हणजे ज्यावर शेल पकतं तो तापवलेला धातूचा नमुना, उलटा केला की आतला अर्धवट वितळलेला थर गळून पडतो. स्टिक पॉइंट कमी किंवा हेक्झा कमी. पण आधी पॅटर्नचं तापमान स्वतः मोजा, 230 ते 260 हवं. बर्नरच्या कडेला ते बरंच वेगळं निघतं. शेलचा रंगही सांगतो : पिवळट म्हणजे कच्चं, तपकिरी बरोबर, काळपट म्हणजे जळालेलं.

दुसरी पिनहोलची. हेक्झामध्ये वजनाने 40 टक्के नायट्रोजन आहे. वरच्या हिशेबात वाळूवर 0.14 टक्का नायट्रोजन पडतो. पकताना थोडा अमोनिया होऊन जातो, बाकीचा शेलमध्ये किंवा कोअरमध्ये (साच्याच्या आत बसवलेल्या वाळूच्या तुकड्यात) राहून धातूत शिरतो. हेक्झा घटवला की शेल सोलतं, वाढवला की पिनहोल येतात. अशा वेळी मी हेक्झाला हात लावत नाही. आधी रेझिन थोडं कडक करून वाळूवरचं प्रमाण 3 वरून 2.7 टक्क्यांवर आणते. हेक्झा रेझिनच्या 12 टक्केच ठेवला तरी वाळूवर तो आपोआप घटतो. टेन्साइल टिकली तर तेच पुढच्या बॅचला.