तुम्ही विचारलंत म्हणून: हात मिळवण्यात कसली आलीय कला?

मी चित्रकला शिकवते, आणि वर्गात कधीतरी न्यूयॉर्कच्या आर्टिस्ट मर्ल लॅडरमन युकलीज यांच्या कामाबद्दल बोलतेच. मग कुणीतरी, बहुतेक वेळा मुलांना न्यायला आलेले पालक, विचारतातच की मॅडम, हे तर समाजकार्य झालं, यात कला कुठंय? परवा परत विचारलं गेलं, म्हणून एकदा नीट लिहिते.

तर या बाईंनी जुलै १९७९ पासून जवळजवळ अकरा महिने न्यूयॉर्कच्या सफाई खात्यातल्या ८,५०० कामगारांना भेटून प्रत्येकाशी हात मिळवला आणि प्रत्येकाला एकच वाक्य सांगितलं, न्यूयॉर्क शहर जिवंत ठेवल्याबद्दल थँक्यू. पहाटेच्या हजेरीला हजर, मग कचऱ्याच्या गाडीमागे चालायचं, कामगार जसा वाकतो, जसा डबा उचलतो तसं स्वतः करून बघायचं, आणि ऐकायचं. या कामाचं नाव 'टच सॅनिटेशन'.

आता बघा, यातल्या पन्नास जणांना शाल-श्रीफळ देऊन फोटो काढला असता तर तो सत्कार समारंभ झाला असता, आपण असे ढिगाने बघितलेत. इथे कुणीच सुटलं नाही आणि वाक्य कुणासाठीच बदललं नाही. माझ्या मते कला आहे ती नेमकी इथे. चित्रकार रंग निवडतो तसं बाईंनी वेळ आणि संख्या निवडली.

हे अचानक सुचलेलं पण नाही हं. पहिलं मूल झाल्यावर दिवसभर धुणं-पुसणं करताना त्यांना प्रश्न पडला की मी आर्टिस्ट आहे तर हे काम कला का नाही, आणि १९६९ मध्ये त्यांनी तसा जाहीरनामाच लिहिला. १९७३ मध्ये अमेरिकेतल्याच हार्टफर्ड शहराच्या म्युझियमच्या पायऱ्या आणि फरशी स्वतः धुतली. १९७७ पासून त्या सफाई खात्याच्या अधिकृत आर्टिस्ट, आणि तेही बिनपगारी!

पण मला सगळ्यात जास्त भिडतं ते नंतरचं. एका कामगाराने त्यांना सांगितलं होतं की कडक उन्हात कुणाच्या तरी घराच्या पायरीवर जरा टेकलो तर त्या घरातली बाई बाहेर येऊन म्हणाली, चला उठा, घाण वास येतो तुमचा. तो माणूस हे वर्षानुवर्षं मनात धरून होता. १९८४ मध्ये युकलीजनी कामगारांना लोक ज्या नावांनी हिणवतात ती काचांवर लिहिली आणि शहरातल्या वेगवेगळ्या थरांतल्या लोकांना बोलावून ती त्यांच्या हातांनी पुसून घेतली. स्वतः पुसली असती तर ती एका बाईची सदिच्छा झाली असती, पण ज्यांच्या शहराने ती नावं दिली त्यांनाच फडकं हातात घ्यावं लागलं, आणि लोकांना कामात सामील करून घेणं म्हणजे मी हे समजते. हल्ली फेस्टिवलमध्ये भिंतीवर चिठ्ठ्या चिकटवायला लावतात, लोक चिकटवतात, सेल्फी काढतात, जातात, आर्टिस्ट त्यातली एक तरी वाचतो का? मला ते नाही पटत.

हात मिळवून कुणाचा पगार वाढत नाही, हे पालक म्हणतात ते खरंच आहे, त्याला युनियनच लागते. पण पायरीवरून हुसकावलेल्या माणसाची गोष्ट युनियनच्या मागणीपत्रात येत नाही, ती या कामात आली.